सुईनं कोरलेला धवला

कमळाबाईचा गळा गेला तेव्हा किन्हवलीच्या आसपासच्या बारा गावांनी हळहळ केली, आणि तेराव्या दिवशी आपापल्या लग्नांसाठी डीजे ठरवून मोकळी झाली.

गळा गेला म्हणजे अगदी खरोखरच गेला. मुंबईच्या एका इस्पितळात डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं, मानेत एक भोक ठेवलं आणि सांगितलं, आता श्वास इथून घ्यायचा, बोलायचं विसरा. तेव्हापासून कमळाबाई गळ्याला मलमलीचा फडका बांधून हिंडायची. बोलायची ती हातांनी, भुवयांनी, नुसते ओठ हलवून, आणि फारच संताप आला तर ताटावर उलथनं आपटून. संताप तिला पूर्वीही यायचा, पण पूर्वी तो चार शिव्यांत निघून जायचा. आता घरातल्या एकाही ताटाची कड सरळ राहिली नव्हती.

ती धवलारीण होती. लग्नात भटजी यायचे, अक्षता टाकायचे, घड्याळ बघत पुढच्या लग्नाला पळायचे. पण हळद मात्र धवलारणीची. तिनं मांडवात चटईवर बसायचं, तांदळाच्या पिठानं चौक भरायचा आणि धवले म्हणायचे. धवले म्हणजे लग्नाची गाणी खरी, पण त्यांत देवांना, पितरांना, उंबराच्या फांदीला नावं घेऊन बोलवायचं असतं, नवरा-नवरीची नावं ओळीत ओवायची असतात. तिनं एक ओळ म्हटली की मागं बसलेल्या बाया तीच ओळ उचलायच्या. त्याला झेल म्हणतात. धवलारीण सवाष्ण आहे की विधवा, हे कुणी विचारत नसे. तिथं कपाळ बघत नाहीत, गळा बघतात. कमळाबाईचा नवरा ऐन तिशीत गेला होता आणि त्यानंतर तिनं निदान चारशे लग्नं लावली होती.

या धंद्याचा एकच कडक नियम. मांडव घातल्याशिवाय धवला म्हणायचा नाही. हौस म्हणून नाही, पाहुण्यांना ऐकवायला नाही, शिकतानासुद्धा सुरुवातीपासून शेवटापर्यंत नाही. शिकायचा तो तुकड्या-तुकड्यानं, उलटसुलट. पुरा धवला म्हटला की देव उठून निघतात, आणि मांडवच नसेल तर ते बिचारे जायचे कुठं?

ऑपरेशननंतर दोन महिन्यांनी आसनगावहून रुचिता नावाची एक बाई खांद्यावर रेकॉर्डर लटकावून धवले टेप करायला आली. तिला कुणी काही सांगितलंच नव्हतं. कमळाबाईनं फडका बाजूला करून भोक दाखवलं. रुचिताचा चेहरा पांढरा पडला आणि ती पाच-सहा वेळा सॉरी म्हणाली. कमळाबाई हसायला लागली. आवाज नाही, नुसते खांदे हलतायत आणि मानेतून हवा शीळ घालतेय. मग तिनं चहा ठेवला.

रुचिता शहापूरच्या एका शाळेत चित्रकला शिकवायची. तिशी उलटलेली, लग्नाचा विषय काढणाऱ्याला दारातूनच परत पाठवणारी. लोकांनी टाकलेली यंत्रं गोळा करायचा तिला नाद होता. मोठ्या चकत्यांचे टेपरेकॉर्डर, मुके रेडिओ, आणि गावोगाव प्रचाराचे सिनेमे दाखवणाऱ्या कुठल्याशा बंद पडलेल्या कचेरीतून भंगारात निघालेला सोळा एमएमचा एक प्रोजेक्टर. ती कॅमेऱ्याशिवाय सिनेमे करायची. काळ्या फिल्मवर सुईनं कोरायचं, शाई लावायची, पडद्यावर काय उमटेल ते बघायचं. तिच्या आईचं म्हणणं, भंगारवाला निदान विकतो तरी, ही नुसती आणतेच.

पुढच्या खेपेला तिनं तो प्रोजेक्टर आणला. का आणला, ते तिला स्वतःलाही नीट सांगता आलं नसतं. कमळाबाईच्या भिंतीवर तिनं पांढऱ्या रेघा नाचवून दाखवल्या आणि फिल्मच्या कडेची एक पट्टी दाखवली. पट्टी तांदळाच्या दाण्याच्या जाडीएवढी. "मावशी, आवाज इथं असतो. या पट्टीतून दिव्याचा उजेड पलीकडं जातो. जसा उजेड जाईल तसा भोंगा वाजतो. आवाज काढायला गळा लागत नाय बघा, रेघ लागते."

आणि तिनं त्या पट्टीवर सुईनं आडव्या रेघा ओढून फिल्म यंत्रात चढवली. भोंग्यातून गिरणीचा पट्टा घसरल्यासारखा आवाज आला. शेजारचं कुत्रं भुंकायला लागलं. कमळाबाईनं बोट वर केलं: परत. परत वाजलं. तिसऱ्यांदा ती उठली, गोधडीची सुई घेऊन आली आणि रुचिताच्या हातातून फिल्म ओढून घेतली.

या बाईचा हात चाळीस वर्षं फूटपट्टीशिवाय चौक भरत आलेला. तिला दोन रेघांमधलं अंतर सांगावं लागत नव्हतं. एका सेकंदाला वीतभर फिल्म लागते, हे तिला पहिल्याच दिवशी कळलं. त्या वीतभरात शंभर रेघा मारल्या तर आवाज जाड, दोनशे मारल्या तर बारीक, रेघ दाबून काढली तर मोठा, हलकी काढली तर लांबून आल्यासारखा. आठ दिवसांत तिनं सूर लावला. महिन्याभरात धवल्याच्या चालीचा एक तुकडा बसवला. शब्द अर्थातच नाहीत, नुसती चाल. घोगरी, खरबरीत, मध्येच तडतडणारी. पण ताल तिचा, दमसास तिचा, ओळीच्या शेवटाला खाली वळून थांबायची तऱ्हा तिची.

एक भांडणही झालं. फिल्म आधी भिंगापुढून जाते आणि मग आवाजाच्या दिव्यापुढून, त्यामुळे चित्र आधी दिसतं आणि त्याच जागेचा आवाज सेकंदभर मागून येतो. रुचिता म्हणाली, आपण सव्वीस चौकटी मोजून दोन्ही जुळवू. कमळाबाईनं मान हलवली. छातीवर हात ठेवला: पुढं मी. मग पाठीमागं बोट दाखवलं: मागून झेल. तसंच असतं. जुळवायचं काय त्यात? रुचितानं वाद घालून बघितला आणि मग चौकटी मोजायचं सोडून दिलं.

आठ महिन्यांत दोन रिळं झाली. एकेक तीन-तीन मिनिटांचं. आवाजाच्या पट्टीत धवल्याची चाल, आणि चित्राच्या जागी चौकाच्या रेघा, फुल्या, पावलं. मधूनमधून फिल्म खरवडून पारदर्शक केलेली आणि त्यावर हळद चोळलेली. प्रत्येक ओळीनंतर तिनं तेवढीच लांब फिल्म काळी सोडली होती. ती झेलाची जागा. दोन्ही रिळं त्यांनी कधी सलग चालवली नव्हती, नियम म्हणजे नियम. मुंबईच्या कुठल्याशा कलादालनातून रुचिताला बोलावणं आलं होतं, धवल्याची ही फिल्म आणा म्हणून. कमळाबाईनं विचारलं, मांडव आहे का तिथं? नव्हता. मग विषय संपला.

आणि वैशाखाच्या तोंडावर देवराम गोजर आला.

देवराम गावातला मानकरी माणूस, पांढरे कपडे, हसून बोलणारा. त्याच्या लग्नात कमळाबाईनं धवले म्हटले होते, त्याच्या बहिणीच्या, सरिताच्या लग्नातही. आता त्याच्या मुलीचं, मनस्वीचं लग्न निघालं होतं. नवरामुलगा टोकावड्याचा, ऋतिक नावाचा. कमळाबाईचा चेहरा उजळला. रुचिता तिथंच फिल्म सुकवत बसली होती. कमळाबाईनं तिला खूण केली, रीळ काढ.

"तुमी काय बी ताण घेऊ नका, कमळाबाय," देवराम म्हणाला. "तुमचा आवाज हाय आमच्याकडं. सरिताच्या लग्नात मी नवा टेपरेकॉर्डर आणलेला, आठवतंय? ती कॅसेट कपाटात होती. मुरबाडचा हर्षित हाय ना, डीजेवाला, त्यानं त्यातली खरखर सगळी काढली. खाली बीट टाकला. ऐका."

त्यानं मोबाइल पुढं धरला. धूम-धूम वाजायला लागलं आणि त्यावर एक तरणा, कोवळा, स्वच्छ गळा उठला. कमळाबाईचा हात आपसूक फडक्याकडे गेला. पहिल्या दोन ओळी झाल्या आणि देवरामनं अंगठ्यानं बंद केलं. "मांडवाच्या आधी जास्त वाजवायचं नाय ना," तो शहाण्यासारखा म्हणाला.

कमळाबाईनं विचारलं, हातांनीच: आणि मी?

"तुमाला पुढं खुर्ची टाकतो. लुगडं आणलंय तुमाला. लोकांनी बघितलं पायजे, की ही ती बाय!"

तिला कळायचं ते कळलं. तिला धवला म्हणायला नाही, लोकांना दाखवायला बोलावलं होतं. आज हळदीवर मोबाइल बसला की पुढच्या लग्नात खुर्चीही नसणार. मग धवला ज्याच्या खिशात पेनड्राइव्ह त्याचा. बारा गावांत दुसरी धवलारीण नव्हती, होणारही नव्हती. ही एक हळद हातची गेली की सगळ्या गेल्या. तिनं लुगडं उचललं, देवरामच्या मांडीवर परत ठेवलं आणि प्रोजेक्टरकडे बोट दाखवलं.

"ती भुणभुण?" देवराम हसला. "मांडवात? अवो, पाव्हणे उठून जातील."

कमळाबाई ओठ हलवून काहीतरी म्हणाली. देवरामनं रुचिताकडे पाहिलं.

"मावशी म्हणतायत, मी येणार," रुचिता म्हणाली. "माझा आवाज घेऊन येणार."

"त्यांचाच आवाज हाय ना हा बी!"

यावर कमळाबाईनं ताट शोधलं. देवराम चहा न घेताच निघाला.

तो गेल्यावर रुचितानं भीत भीत एक तोड काढली. जुना आवाज हळू आवाजात खाली ठेवायचा आणि त्यावर फिल्म वाजवायची. दोघांचंही राहील, लोकांना शब्दही मिळतील. कमळाबाईनं तिच्याकडे असं बघितलं की ती वाक्य पुरं न करता थांबली. मग कमळाबाईनं तिला समोर बसवलं आणि सावकाश, एकेक शब्द ओठांवर आणून सांगितलं. ती मोबाइलातली बाई मेली. गोड होती, चांगली होती, मेली. मी जिती आहे. मला असा आवाज आहे. ज्यांना माझ्या हातची हळद पाहिजे त्यांनी तो ऐकावा.

रुचिताचे डोळे भरून आले. कमळाबाईनं तिला सुई दिली आणि रिळाच्या शेवटच्या वितीतली एक बोथट रेघ दाखवली. रडायला वेळ कुणाला होता.

हळदीच्या दिवशी दोघी चार वाजताच टेम्पोतून उतरल्या. प्रोजेक्टर दोन माणसांनी धरून ओटीवर ठेवला. देवराम धावत आला, पण अंगणात टोकावड्याचे पाहुणे बसलेले. धवलारणीला दारातून घालवणं त्यांच्यादेखत शोभलं नसतं. "बरं, ठेवा," तो दातांत म्हणाला. "पन वरची चादर काढायची नाय हां." पुढच्या रांगेत एक खुर्ची मांडलेली होती, फुलाबिलांची. कमळाबाई तिला वळसा घालून गेली, ओटीच्या पायाशी चटई अंथरून बसली, चौक भरला आणि हळदीची वाटी स्वतःच्या मांडीवर घेतली. धवला पुरा होईपर्यंत त्या वाटीला दुसऱ्या कुणाचा हात लागत नाही. तेवढं अजून कुणी विसरलं नव्हतं.

दिवेलागणीला हर्षितनं सुरुवात केली. चांगला पोरगा होता तो तसा. कानात बाळी, अंगठ्याच्या इशाऱ्यावर सगळी यंत्रं, आणि सुरू करण्याआधी कमळाबाईच्या पायाही पडला. "मावशी, आज तुमचा आवाज पार टोकावड्यापर्यंत पोचवतो," म्हणाला. मनस्वी चौरंगावर बसली. ती कल्याणला नोकरीला जायची. हळदीतही दोनदा टाइम विचारून झाला होता. अंगणभर लाल-हिरवे दिवे फिरायला लागले, धूम-धूम सुरू झालं आणि त्यावर तो कोवळा गळा चढला.

*पायली भरून हळद गो आणली,*
*चढणीच्या वाटंनं चालत आणली.*

लोक खूश झाले. म्हाताऱ्या बाया पदर डोळ्यांना लावू लागल्या, तरणी पोरं बीटवर खांदे उडवू लागली. कुणी झेल धरला नाही, कारण झेलाला जागाच नव्हती. कॅसेटमधल्या झेलाच्या जागी हर्षितनं बीट भरून टाकला होता. कमळाबाई वाटी धरून बसली होती. तिला वाटलं होतं, ऐकून रडू येईल. आलं नाही. तिला नुसता राग आला, आणि तो काढायला जवळ ताट नव्हतं.

*कोणासाठी आणली गो, कोणासाठी आणली?*
*सरिताबायसाठी गो, सरितासाठी आणली.*
*कोणासाठी आणली गो, कोणासाठी आणली?*
*भगीरथासाठी गो, भगीरथासाठी आणली.*

अंगणातली कुजबुज एकदम थांबली. खांदे उडवणारी पोरं आणखी दोन ठेके उडवत राहिली, मग तीही थांबली. भगीरथ म्हणजे सरिताचा नवरा. त्याला जाऊन अठरा वर्षं झाली होती. आणि सरिता तिथंच होती, अगदी मागं, पाण्याच्या पिंपाजवळ, जिथं अठरा वर्षं प्रत्येक हळदीत तिला बसवत होते. लग्नाआधीपासून ती कमळाबाईच्या पाठीशी बसून झेल धरायची. तिच्यासारखा झेल पंचक्रोशीत नव्हता. भगीरथ गेला आणि घरच्यांनी तिला मागं सरकवलं. धवलारणीला चालतं ते झेलकरणीला का चालत नाही, हे कमळाबाईनं तेव्हा विचारलं होतं. पण एकदाच विचारलं होतं.

"बंद कर रं!" देवराम ओरडला. हर्षितच्या हाताला बटण सापडेना. भोंग्यावरून ती कोवळी बाई मेलेल्या नवरदेवाला हळदीला बोलावत राहिली, बोलावत राहिली. शेवटी त्यानं जनरेटरची मुख्य वायरच उपटली. आवाज गेला आणि त्याबरोबर अंगणातले सगळे दिवेही गेले. उरला तो फक्त ओटीवरचा घरातला बल्ब.

"मांडवाच्या आधी पुरा वाजवायचा नाय, म्हनून पुढं ऐकलाच नाय मी," देवराम ज्याला-त्याला सांगत सुटला. "दोन ओळी ऐकल्या फकस्त. नियम पाळायला गेलो मी!" आणि ते खरं होतं. नियम पाळला होता त्यानं. फक्त धवल्यात दर लग्नाला नावं बदलतात, हे त्याच्या ध्यानात राहिलं नव्हतं, कारण ते ध्यानात ठेवायचं काम आजवर कमळाबाईचं होतं.

"अपशकुन झाला गो," त्याची चुलती ताराबाई कपाळाला हात लावून म्हणाली. "मेलेल्याला बोलावला मांडवात."

देवरामनं घाम पुसला. "आता धवला नको न् काय नको. हळद लावा न् उरका. कमळाबाय, वाटी द्या."

कमळाबाईनं वाटी दोन्ही हातांनी धरली आणि त्याच्या डोळ्यांत बघितलं. देवरामनं हात पुढं केला. तिनं वाटी पोटाशी घेतली.

"आवो द्या ना! काय करनार हाव तुमी? तुमच्या मशीनला शब्द तरी हायेत का?"

शब्द नव्हते. हे सगळ्यांत जास्त तिलाच माहीत होतं. तिनं रुचिताकडे बघून हनुवटी उडवली. रुचितानं चादर ओढली, वायर घरातल्या प्लगमध्ये खोचली आणि ओटीवरचा बल्ब बंद केला.

प्रोजेक्टर खडखडायला लागला. ओटीच्या चुन्याच्या भिंतीवर पांढऱ्या रेघा धावल्या, चौक उमलला, पिवळा पडला, विस्कटला. आणि सेकंदभर मागून आवाज आला. घोगरा, चिरका, तडतडता. अंगणात कुणीतरी फिस्सकन हसलं. "भुंगा शिरला रे भोंग्यात," एक पाहुणा म्हणाला. ओळ वर चढली, वळली, खाली येऊन थांबली. मग काळी फिल्म. झेलाची जागा.

कुणी झेल धरला नाही. नुसतं यंत्र खडखडत होतं.

दुसरी ओळ. कमळाबाई तळव्यानं चटईवर ताल देत होती. परत काळी फिल्म, परत काही नाही. मग मात्र ती घाबरली. अशी घाबरली, जशी ऑपरेशनच्या टेबलावरही घाबरली नव्हती. आठ महिने तिनं रेघा कोरल्या होत्या आणि आठ महिने ही रिकामी जागा कोरायची सोडली होती. ती जागा तिला भरता येणारी नव्हती. गळा होता तेव्हाही ती कधी तिची नव्हती. दोन ओळी गेल्या, तिसरीही जाईल, तीन मिनिटं अशीच खडखडत संपतील आणि मग देवराम वाटी घेऊन जाईल.

तिसरी ओळ खाली आली, थांबली. आणि पिंपाजवळून, अंधारातून, एक आवाज आला. बिनवापराचा, गंजलेला, मध्येच फाटणारा.

"पायली भरून हळद गो आणली..."

"सरे, तू नको गो!" ताराबाई किंचाळली. "आताच काय झालं बघितलंस ना? तुला कलत नाय? गप बस!"

आवाज तुटला. कमळाबाई वळली. चौक भरल्यावर धवलारीण त्याच्याकडे पाठ करत नाही. चारशे लग्नांत तिनं केली नव्हती. आता तिनं सरळ पाठ फिरवली, काळोखात सरिताला शोधलं आणि आपल्या शेजारी चटईवर दोनदा थाप मारली. जोरात. सगळ्यांना ऐकू जाईल अशी.

सरिता उठली. माणसांच्या मधून वाट काढत पुढं आली. देवराम आडवा आला तेव्हा ती थांबली.

"दादा, आताच भोंग्यावर माझं लगीन लावलंस परत. सगळ्या गावासमोर. मला इचारलंस?" तिनं आवाज खाली केला नाही. "मंग आता मनस्वीचं मी लावलं तर तुझं काय जातंय?"

"आत्या," चौरंगावरून मनस्वी म्हणाली, "बस तू. माझी हळद खोळंबलेय."

सरिता चटईवर बसली. भिंतीवर पिवळी पावलं चालत होती. यंत्राची ओळ चढली, वळली, थांबली, आणि या खेपेला सरितानं ती अख्खी उचलली, शब्दांसकट. पुढच्या ओळीला तिच्यामागं आणखी दोन बाया होत्या. मग चार झाल्या. शब्द सगळ्यांना येत होते. आयुष्यभर झेलले होते त्यांनी. फक्त आजवर ते कुणीतरी आधी म्हणून द्यायचं, आता नुसती चाल पुढं होती आणि शब्द त्यांनाच घालायचे होते. हसणारा पाहुणा हसायचा थांबला होता.

मग नावांची ओळ आली. चिरकी, उंच, प्रश्नासारखी वर राहिलेली. कमळाबाईचा श्वास मलमलीतून जोरात ये-जा करत होता. तिनं ताल द्यायचं थांबवलं.

"कोणासाठी आणली गो, कोणासाठी आणली? मनस्वीसाठी गो, मनस्वीसाठी आणली," सरितानं म्हटलं, आणि सगळं अंगण तिच्या मागून म्हणालं. ऋतिकचं नाव आलं तेव्हा टोकावड्याच्या बायाही म्हणत होत्या. कमळाबाईला आता रडू आलं. तिनं ते येऊ दिलं, पुसलं नाही. हा तिचा आवाज होता. खरबरीत होता, शेजारचं कुत्रं भुंकवणारा होता, आणि त्याच्या मागं शंभर बाया होत्या.

फिल्म संपली. शेपूट चकतीवर फट्-फट् आपटायला लागलं. रुचितानं बल्ब लावला. लोक डोळे चोळत एकमेकांकडे बघायला लागले. ताराबाईनं तोंड फिरवलं होतं, ते तिनं त्या रात्री परत वळवलं नाही.

"झाला ना धवला?" देवराम म्हणाला. त्याच्या बोलण्यात कौतुक नव्हतं. इतक्यात येणारही नव्हतं. "चला, हळद लावा. गाणी लाव रं हर्षित, पाव्हणे कटाळले." हर्षितनं वायर परत खोचली होती, पण त्याचा अंगठा बटणावरच राहिला. तो कमळाबाईकडे बघत होता.

कमळाबाईनं पिशवीतून दुसरं रीळ काढलं. ओठ हलले. रुचिता सांगायला वाकली, पण त्याआधीच सरिता बोलली, अंगणाच्या टोकापर्यंत ऐकू जाईल अशी:

"धवला पुरा नाय झाला, अजून एक रीळ हाय. बसा सगळी. दादा, तू बी बस."

कमळाबाई गुडघ्यावर हात टेकून उठली आणि प्रोजेक्टरपाशी गेली. रीळ रुचिताला न देता तिनं स्वतःच डब्यातून मोकळं केलं. हळदीची वाटी तिनं सरिताच्या मांडीवर ठेवली होती, कारण फिल्म चढवायला दोन्ही हात लागतात.